तराफ्यावरचा दुसरा पुरुष

एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात फिलाडेल्फियात डॉ. सायलस वेअर मिचेल यांचा मोठा दबदबा होता. मज्जाविकारांच्या बाबतीत त्यांचा शब्द अखेरचा मानला जाई. १८८५ साली त्यांच्याकडे ओवेन विस्टर नावाचा तरुण आला. घरचा सुखवस्तू, हार्वर्डमध्ये शिकलेला, संगीतकार व्हायची हौस असलेला, पण वडिलांच्या आग्रहाखातर बोस्टनच्या बँकेत चिकटून प्रकृती बिघडवून बसलेला. डॉक्टरांनी त्याला पश्चिमेकडे जायला सांगितलं. घोड्यावर बस, शिकार कर, उघड्यावर झोप. विस्टर वायोमिंगला गेला. दोन वर्षांनी त्याच डॉक्टरांकडे शार्लट पर्किन्स गिलमन आली. बाळंतपणानंतर तिचं मन खचलं होतं. तिला सांगण्यात आलं, पडून राहा, घरात लक्ष घाल, मूल सतत जवळ ठेव, आणि जन्मात पुन्हा लेखणी, कुंचला किंवा पेन्सिल हातात धरू नकोस.

दोघांनीही पुढे लिहिलंच. गिलमनने १८९२ मध्ये सक्तीच्या विश्रांतीने भ्रमिष्ट होत जाणाऱ्या बाईची कथा प्रसिद्ध केली, ती आज जगभर अभ्यासाला असते. विस्टरने १९०२ मध्ये ‘द व्हर्जिनियन’ ही कादंबरी लिहिली आणि थिओडोर रूझवेल्टला अर्पण केली. कमी बोलणारा, अपमान सहन न करणारा, बंदुकीला पक्का असा काउबॉय त्या कादंबरीने मध्यमवर्गाच्या दिवाणखान्यात आणून बसवला. खऱ्या गुराख्यांमध्ये काळे होते, मेक्सिकन होते, मूळनिवासी होते. विस्टरचा नायक गोरा, व्हर्जिनियातून आलेला.

म्हणजे अमेरिकन मर्दानगीचं जे सर्वांत ओळखीचं चित्र आहे, ते बँकेत बसून आजारी पडलेल्या एका श्रीमंत मुलाच्या औषधोपचारातून आलं. हे चित्र लोकप्रिय झालं तोवर गुराख्यांचे सुगीचे दिवस सरलेही होते. १८९० च्या जनगणनेने आता वस्ती आणि मोकळा मुलूख यांच्यामध्ये सलग अशी सरहद्द उरलेली नाही असं जाहीर केलं होतं. १८९९ मध्ये शिकागोच्या भाषणात रूझवेल्ट कष्टाच्या आणि झुंजीच्या आयुष्याचे गोडवे गात होता, तेव्हा त्याच्यासमोर बसलेल्यांपैकी किती जण घोड्यावर मांड ठोकू शकत होते कोण जाणे.

हे सगळं सांगायचं कारण, अमेरिकेत सध्या पुन्हा एकदा ‘आपले पुरुष हरवले’ अशी ओरड चालू आहे. मिसूरीचे सिनेटर जॉश हॉली यांनी २०२३ मध्ये पुरुषत्वावर आख्खं पुस्तक लिहिलं आणि पुरुषाच्या सहा भूमिका सांगितल्या: पती, पिता, योद्धा, निर्माता, पुरोहित, राजा. दुसरीकडे साहित्याच्या दुनियेत वेगळी कुरकुर आहे. पुरुष कादंबरीकार दिसेनासे झाले, पुरुष वाचक तर त्याआधीच गेले. दुसऱ्या तक्रारीला आकड्यांचा आधार आहे. अमेरिकेच्या राष्ट्रीय कला निधीच्या २०२२ च्या पाहणीत वर्षभरात एखादी कादंबरी किंवा कथा वाचली असं सांगणाऱ्या स्त्रिया ४७ टक्क्यांच्या आसपास होत्या, पुरुष २८ टक्क्यांच्या आसपास. दहा वर्षांत दोन्ही आकडे घसरलेत, पण पुरुषांकडे घसरायलाही फारसं उरलेलं नाही.

या ओरडीत एक गोष्ट गृहीत धरलेली असते: कधीकाळी अमेरिकन साहित्यात एक ठाम, धडधाकट पुरुष होता, आणि मग तो स्त्रीवाद्यांनी, प्राध्यापकांनी, काळाने पळवला. मला हे गृहीतकच चुकीचं वाटतं. तसा पुरुष त्या साहित्यात कधी नव्हता. होता तो पळणारा पुरुष. आणि त्याच्या शेजारीच, त्याच पानावर, दुसरा एक पुरुष होता, त्याच्याकडे शंभर वर्षं कुणाचं धड लक्षच गेलं नाही.

पळणाऱ्याची गोष्ट आधी. १८१९ मध्ये वॉशिंग्टन अर्विंगचा रिप व्हॅन विंकल बायकोच्या कटकटीला कंटाळून डोंगरात जातो आणि वीस वर्षं झोपतो. उठतो तेव्हा बायको मेलेली, राजाचं राज्य गेलेलं, देश स्वतंत्र झालेला. संसार आणि क्रांती, दोन्ही झोपेत काढली! कादंबरीकार कूपरचा शिकारी नॅटी बंपो वस्ती दिसली की जंगलात आणखी आत सरकतो. मार्क ट्वेनचा हकलबेरी फिन शेवटी सांगतो की सॅली मावशी मला दत्तक घेऊन सुधारणार म्हणते, ते मी एकदा सोसलंय, तेव्हा इतरांच्या आधीच आपण पश्चिमेकडच्या मोकळ्या मुलखात सटकलेलं बरं. लेस्ली फीडलर या समीक्षकाने १९६० मध्ये हा धागा पकडून दाखवला. त्याचं म्हणणं असं की अमेरिकन कादंबरीचा नायक हा सतत धावणारा माणूस आहे. जंगलात, समुद्रावर, नदीत, युद्धात, कुठेही, फक्त घर, लग्न आणि जबाबदारी टाळायची.

फीडलर चूक नव्हता. पण त्याने जे निदान म्हणून मांडलं, ते इतरांनी मोठेपणाचं लक्षण मानलं. नीना बेम या समीक्षिकेने १९८१ च्या एका निबंधात याचा चोख समाचार घेतला. समीक्षकांनी आधी ठरवलं की अस्सल अमेरिकन गोष्ट म्हणजे समाजाशी झगडणाऱ्या एकट्या पुरुषाची गोष्ट. या गोष्टीत समाजाची भूमिका बाईकडे असते, ती पुरुषाला अडकवते. मग ज्या बायका लिहीत होत्या, ज्यांची पुस्तकं ढिगाने खपत होती, त्या आपोआप यादीबाहेर गेल्या. त्यांची गोष्ट ‘अमेरिकन’ ठरेना.

पळण्याचा खर्च कोण भागवतं हा प्रश्न मात्र या चर्चेत फार कमी विचारला गेला. जॅक केरुॲकची ‘ऑन द रोड’ १९५७ मध्ये आली आणि खिशात काही नसताना देशभर भटकणाऱ्या तरुणाची ती पोथी झाली. त्यातला सॅल डेन्वरमध्ये पैसे संपले की आत्याला तार करून पन्नास डॉलर मागवतो, आणि प्रत्येक भटकंतीनंतर तिच्याच घरी परततो. मला ही कादंबरी आवडते, तिची लय विलक्षण आहे. पण त्या रस्त्याच्या टोकाला बाईने चालवलेलं घर आहे, हे ती लपवत नाही. लपवलं ते तिच्या भक्तांनी.

आता हककडे परत जाऊ, नदीतून वाहत चाललेल्या त्याच्या तराफ्यावर, कारण माझा सगळा मुद्दा तिथे आहे. तराफ्यावर दोघे आहेत. हक पळतोय तो दारुड्या बापाच्या मारापासून आणि त्याला सांभाळणाऱ्या विधवेच्या शिस्तीपासून. जिम हा गुलाम पळतोय तो मालकीण मिस वॉटसन आपल्याला न्यू ऑर्लिन्सला विकणार हे कानावर पडल्यामुळे. आणि तो कुठे चाललाय? सोळाव्या प्रकरणात तो हकला आपला बेत सांगतो. मुक्त राज्यात पोचलो की एक पैसाही खर्च करायचा नाही, साठवायचे, आणि बायकोला विकत घ्यायचं. मग दोघांनी राबून दोन्ही मुलांना विकत घ्यायचं. मालक विकायला तयार झाला नाही तर कुणा गुलामगिरीविरोध्याला गाठून मुलं पळवून आणायची. हकला हे ऐकून धक्का बसतो. आपल्याला ज्याची ओळखही नाही अशा माणसाची मुलं हा पळवणार, असं त्याच्या मनात येतं. मुलं जिमची आहेत हे त्याला सुचतही नाही. ट्वेनने हा उपरोध असा बेमालूम ठेवलाय की घाईत वाचणारा पुढे निघून जातो.

आणखी सात प्रकरणांनी जिम रात्री गुडघ्यांत डोकं घालून रडतो. चार वर्षांच्या लेकीला त्याने दार लाव म्हणून सांगितलं होतं, तिने ऐकलं नाही म्हणून थोबाडीत मारली होती, आणि नंतर कळलं होतं की तापातून उठलेली ती पोर बहिरी झाली आहे. दुसऱ्या कुठल्या तत्कालीन अमेरिकन नायकाने लेकीची अशी माफी मागितली आहे, मला आठवत नाही. म्हणजे एकाच तराफ्यावर एक जण घरापासून पळतोय आणि दुसरा घराकडे. आपण पहिल्याला अमेरिकन पुरुषाचं प्रतीक केलं. दुसऱ्याला त्याचा सोबती म्हणून मोजलं.

हेमिंग्वेबद्दल थोडं सविस्तर बोललं पाहिजे, कारण मराठी वाचकाची अमेरिकन पुरुषाशी ओळख बहुधा त्याच्यामार्फत झाली, तीही पु. ल. देशपांड्यांच्या ‘एका कोळियाने’मधून. गंमत अशी की तो म्हातारा सँतियागो अमेरिकन नाहीच, तो क्यूबन आहे. त्याची जिद्द सर्वांना पाठ असते. पण समुद्रावर एकटा असताना तो पुन्हा पुन्हा काय म्हणतो? पोरगा इथे असता तर बरं झालं असतं. तो माशाशी बोलतो, स्वतःच्या पेटके आलेल्या हाताशी बोलतो, एका दमलेल्या पाखराची विचारपूस करतो. चौऱ्याऐंशी दिवस मासा न मिळालेला हा माणूस एकांतात रमलेला नाही. त्याला सोबत हवी आहे आणि तसं तो मोकळेपणी म्हणतो. भिंतीवर चिकटवायच्या सुविचारात हे वाक्य कधी येत नाही.

अठरा वर्षांचा हेमिंग्वे जुलै १९१८ मध्ये इटलीतल्या फोसाल्ता इथे रेड क्रॉसच्या कामावर असताना तोफगोळ्याने जखमी झाला. त्यानंतर त्याने जे पुरुष लिहिले ते जवळपास सगळे कुठे ना कुठे मोडलेले आहेत. १९२६ च्या ‘द सन ऑल्सो रायझेस’चा नायक जेक बार्न्स युद्धात अशा ठिकाणी जखमी झालाय की प्रेम करू शकतो, संभोग करू शकत नाही. अख्ख्या कादंबरीत त्याच्याभोवती बैल, दारू आणि मुष्टियोद्धा यांचा गोंगाट आहे, आणि मध्ये हा माणूस दिवा मालवल्यावर रडतो. १९२७ च्या एका छोट्या कथेत स्पेनमधल्या रेल्वे स्टेशनवर एक जोडपं गाडीची वाट पाहतंय. पुरुष बाईला गर्भपातासाठी तयार करतोय, तो शब्द न उच्चारता. अगदी सोपं आहे, तुझी इच्छा नसेल तर नको, पण अगदी सोपं आहे. लेखकाने त्याला नाव दिलेलं नाही. तो फक्त ‘अमेरिकन’ आहे. एवढं झाल्यावर या लेखकाला मर्दानी अमेरिकनाचा भाट म्हणायला धैर्य लागतं.

अर्थात त्याने स्वतः लोकांना तसं म्हणायला भरपूर निमित्त दिलं. १९३३ मध्ये मॅक्स ईस्टमन या समीक्षकाने लिहिलं की याची शैली म्हणजे छातीवर खोटे केस चिकटवण्याचा प्रकार आहे. चार वर्षांनी दोघे न्यूयॉर्कमध्ये संपादक मॅक्सवेल पर्किन्सच्या कचेरीत समोरासमोर आले, तेव्हा हेमिंग्वेने सदऱ्याची बटणं उघडून छातीवरचे केस दाखवले, मग ईस्टमनचे पाहिले, आणि पुढे झटापट. जगप्रसिद्ध लेखक, वय अडतीस! आणि हाच माणूस १९४६ पासून अधूनमधून एका कादंबरीवर काम करत होता, ज्यात नवरा-बायको एकमेकांसारखे केस कापतात आणि रात्री भूमिकांची अदलाबदल करतात. ती त्याने हयातीत छापली नाही. १९६१ मध्ये त्याने आयडाहोत स्वतःला गोळी घातली, आणि ‘द गार्डन ऑफ ईडन’ १९८६ मध्ये बाहेर आली. सदऱ्याची बटणं उघडणं चारचौघांत जमत होतं, हे पुस्तक उघडणं नाही.

फेब्रुवारी १९४९ मध्ये ब्रॉडवेवर आलेलं आर्थर मिलरचं ‘डेथ ऑफ अ सेल्समन’ या सगळ्या चर्चेत नेहमी भांडवलशाहीच्या खात्यात टाकलं जातं. ते तिथलं आहेच. नव्या मालकाने फिरतीच्या त्रेसष्ट वर्षांच्या विक्रेत्याला कामावरून काढायचं, तेही आपल्या नव्या ध्वनिमुद्रण यंत्राचं कौतुक करता करता, हा प्रसंग अजून अंगावर येतो. पण या विक्रेत्याच्या, विली लोमनच्या, दुःखाचं मूळ मला दुसरीकडे दिसतं. हा माणूस हाताचा कसबी आहे. घराच्या पायऱ्या, न्हाणीघर, छत, सगळं त्याने स्वतः केलंय. शेजारी चार्ली म्हणतो, सिमेंटचा घमेला दिला की हा माणूस खूष. मुलगा बिफ म्हणतो, त्याने आयुष्यभर केलेल्या विक्रीपेक्षा त्या पायऱ्यांत तो जास्त आहे. विलीला स्वतःला मात्र ते मोजायचंच नाही. त्याच्या डोळ्यांपुढे थोरला भाऊ बेन आहे, सतराव्या वर्षी जंगलात गेलेला आणि एकविसाव्या वर्षी श्रीमंत होऊन बाहेर पडलेला. पुन्हा तोच पळणारा पुरुष, आता हिऱ्यांसकट.

आणि विली चार्लीला काय ऐकवतो? ज्याला अवजारं हाताळता येत नाहीत तो पुरुषच नव्हे. ज्या चार्लीकडून तो दर आठवड्याला पैसे उसने घेतो, जो त्याला आठवड्याला पन्नास डॉलरची नोकरी देऊ करतो, त्याला. नोकरी तो नाकारतो, कारण ती घेतली तर हार कबूल केल्यासारखं होईल. उसने पैसे चालतात. विम्याच्या वीस हजार डॉलरांसाठी मरण चालतं. दया दाखवणाऱ्या शेजाऱ्याच्या हाताखाली काम चालत नाही. नाटकातला सर्वांत सभ्य पुरुष चार्लीच आहे. त्याचा मुलगा बर्नार्ड सर्वोच्च न्यायालयात खटला लढवायला निघालाय आणि बोलण्यात त्याचा उल्लेखही करत नाही. विली चकित होतो. चार्ली म्हणतो, सांगायची गरज नाही, तो करणारच आहे. गेल्या पंच्याहत्तर वर्षांत चार्लीवर कुणी मोठे प्रबंध लिहिले असतील तर माझ्या वाचनात आलेले नाहीत. आणि अवजारांच्या नावाने टोमणा मारणारा विली जगतोय कशावर, तर बोलण्यावर!

आता ज्यांना पुरुष म्हणवून घेण्याचाच हक्क नव्हता त्यांच्याकडे वळू. फ्रेडरिक डग्लसच्या १८४५ च्या आत्मकथनातलं वाक्य प्रसिद्ध आहे: माणसाला गुलाम कसं केलं ते तुम्ही पाहिलंत, आता गुलामाचा माणूस कसा झाला ते पाहा. त्यानंतर येते ती मेरिलंडमधल्या कोव्ही या ‘गुलामांना वठणीवर आणणाऱ्या’ शेतकऱ्याशी झालेली झुंज. सोळा वर्षांचा डग्लस त्याचा गळा धरतो, जवळजवळ दोन तास झटापट चालते, आणि कोव्ही पुन्हा त्याच्या अंगाला हात लावत नाही. मुठीने मिळवलेलं पुरुषत्व. इथे मुठीला नाव ठेवायची माझी हिंमत नाही. पण दहा वर्षांनी डग्लसने तीच गोष्ट पुन्हा लिहिली, तेव्हा त्यात एक बाई आली. कोव्हीने कॅरोलाइन नावाच्या धिप्पाड गुलाम स्त्रीला मदतीला बोलावलं होतं, आणि तिने नकार दिला. तिने हात घातला असता तर मी आटोपलो असतो, असं डग्लस कबूल करतो. कॅरोलाइनला त्याबद्दल फटके बसले. पहिल्या पुस्तकातल्या झुंजीत ती नव्हती. पुरुषाच्या उभं राहण्याच्या गोष्टीतून बाई कशी गळते आणि लिहिणारा प्रामाणिक असेल तर कशी परत येते, याचं याहून चांगलं उदाहरण नाही.

रिचर्ड राइटची एक कथा आहे, १९४० च्या सुमाराची. सतरा वर्षांचा डेव्ह दक्षिणेतल्या गोऱ्या जमीनदाराच्या शेतात राबतो. त्याच्या मजुरीचे पैसे आई परस्पर घेते, मोठी माणसं त्याला पोर समजतात. बंदूक असली की आपण पुरुष, एवढं त्याला पक्कं ठाऊक आहे. दोन डॉलरला जुनी बंदूक मिळते. पहिल्याच बाराला डोळे मिटून चाप ओढतो आणि मालकाची खेचर मरते. तिची किंमत पन्नास डॉलर, महिन्याला दोन डॉलरप्रमाणे फेडायची. म्हणजे दोन डॉलरच्या पुरुषत्वाची किंमत दोन वर्षांची बिनपगारी. रात्री तो बंदूक उकरून काढतो आणि जाणाऱ्या मालगाडीवर चढतो, जिथे पुरुष होता येईल अशा कुठल्यातरी जागी. हकने हेच केलं तर आपण त्याला स्वातंत्र्य म्हणतो. डेव्हची गाडी कुठे पोचेल, तिथे बंदूकधारी काळ्या पोराचं काय होईल, हे राइटच्या वाचकाला सांगावं लागत नाही.

पुरुष असण्याचा दाखला कोण देतो, या प्रश्नाचा टोनी मॉरिसनने १९८७ च्या ‘बिलव्हेड’मध्ये जो छडा लावला तो मला या सगळ्यात श्रेष्ठ वाटतो. केंटकीतला गार्नर हा मालक शेजाऱ्यांपुढे बढाई मारतो: तुमच्याकडे पोरं आहेत, माझ्याकडचे गुलाम पुरुष आहेत. त्यांना बंदूक वापरू देतो, त्यांचं मत विचारतो. गार्नर मरतो, ‘स्कूलटीचर’ म्हणून ओळखला जाणारा माणूस येतो, आणि ते सगळे पुरुष एका दिवसात जनावरं होतात. पॉल डी नंतर वर्षानुवर्षं हेच चघळत राहतो. मी पुरुष होतो तो गार्नर म्हणाला म्हणून की खरंच? तोंडात लोखंडी लगाम घातलेल्या अवस्थेत त्याला अंगणातला कोंबडा दिसतो. त्या कोंबड्याचं नाव ‘मिस्टर’. कोंबडा मारला, शिजवला तरी तो मिस्टरच राहील, मी मात्र पुन्हा पॉल डी होणार नाही, असं त्याला वाटतं. आणि कादंबरीच्या शेवटी त्याला आठवतं की गळ्यात लोखंडी पट्टा असलेल्या त्याच्याकडे कादंबरीची नायिका सेथी हिने कधी रोखून पाहिलं नव्हतं, त्याबद्दल चकार शब्द काढला नव्हता. त्याचं पुरुषपण असं फक्त तीच शाबूत ठेवू शकत होती. अठरा वर्षं भटकून हा पुरुष एका बाईच्या दाराशी येतो, मधे एकदा पळतो, आणि परत येतो. पळून परत येणं हे कूपरच्या नायकाला झेपणारं नव्हतं.

काळ्या लेखकांनी पुरुषत्वाचा प्रश्न सोडवला असा याचा अर्थ काढू नये. एल्ड्रिज क्लीव्हरने १९६८ मध्ये बलात्काराला बंडाचं रूप दिलं आणि त्याच पुस्तकात जेम्स बाल्डविनवर त्याच्या समलैंगिकतेसाठी घाव घातले. ॲलिस वॉकरने १९८२ मध्ये बायकोला मारणारा काळा नवरा दाखवला तेव्हा तिच्यावर घरभेदीपणाचा आरोप झाला. त्या कादंबरीच्या अखेरीस तोच नवरा त्याच बायकोच्या, सीलीच्या, शेजारी ओसरीवर बसून शिवणकाम करतो, हे आरोप करणाऱ्यांनी सोयीस्कर विसरलं. आपल्याकडे १९७२ मध्ये मुंबईत दलित पँथर उभी राहिली तेव्हा नाव तिकडच्या ब्लॅक पँथरवरून घेतलं होतं. पुढे दलित स्त्रियांनी चळवळीतल्या पुरुषांना जे प्रश्न विचारले तेही तिकडच्या प्रश्नांचे सख्खे भाऊबंद आहेत.

बाल्डविनने १९८५ मध्ये, तेही ‘प्लेबॉय’सारख्या मासिकात, लिहिलं की अमेरिकेचा पुरुषाचा आदर्श इतका पोरकट आहे की मुलाला खरा, गुंतागुंतीचा पुरुष व्हायला जवळजवळ मनाईच आहे. काउबॉय आणि इंडियन, मर्द आणि बायल्या, गोरा आणि काळा, या सगळ्या जोड्या त्याने एकाच आदर्शाच्या पोटातून काढल्या. हॉलीसारख्यांना उत्तर द्यायचं तर इथून सुरुवात करावी.

त्यांची बाजूही ऐकली पाहिजे. मुलांना धाडस, संकट, झुंज यांच्या गोष्टी लागतात, त्यांच्या हाती फक्त अपराधभावाची पुस्तकं दिली तर ती पुस्तकच खाली ठेवतील, हे त्यांचं म्हणणं मला मान्य आहे. शाळेत प्रत्येक नायकाची शवचिकित्सा करण्याची सवय लागलेल्या पोराने कादंबरी कशाला उघडावी? पण झुंजीच्या उत्तम गोष्टी खोट्या धाडसाचं पितळ उघडं पाडणाऱ्याच आहेत. टिम ओब्रायनचं १९९० चं व्हिएतनामवरचं पुस्तक घ्या. त्यातला ओब्रायन याच नावाचा निवेदक १९६८ च्या उन्हाळ्यात सैन्यभरतीचं पत्र खिशात घेऊन मिनेसोटाच्या सीमेवरच्या रेनी नदीत होडीत बसलाय. वीस यार्डांवर कॅनडा आहे. उडी मारायची आणि सुटायचं. त्याला जमत नाही, कारण गावातले लोक काय म्हणतील याची लाज वाटते. तो भित्रा होता, म्हणून युद्धावर गेला, असं तो स्वतः सांगतो. हे वाचताना कुठल्याही सतरा वर्षांच्या मुलाला कंटाळा येत नाही.

तेव्हा यादीतून हेमिंग्वे काढा अशी माझी मागणी मुळीच नाही. त्याच्या शेजारी राइट ठेवा, विस्टरबरोबर गिलमन ठेवा, आणि हक शिकवताना जिमचं सोळावं प्रकरण परीक्षेला लावा. पर्सिव्हल एव्हरेटने २०२४ च्या ‘जेम्स’मध्ये हेच केलं. तीच नदी, तोच तराफा, पण गोष्ट जिम सांगतो. तो वाचणारा आहे, लिहिणारा आहे, गोऱ्यांपुढे मुद्दाम मोडकी भाषा बोलतो आणि मुलांनाही ती शिकवतो. इथेही बंदूक आहे, रक्त आहे, लेखकाने त्याला संत केलेलं नाही. त्याची सगळी धडपड बायको सेडी आणि मुलगी लिझी यांना सोडवण्यासाठी आहे. हकशी त्याचं नातं एव्हरेटने कुठवर नेलंय ते सांगून मजा घालवत नाही. कादंबरीला २०२५ चं पुलित्झर मिळालं, म्हणजे पुरुषांनी पुरुषांबद्दल लिहिलेलं आता कुणाला नको, हे रडगाणंही फारसं खरं नाही.

हॉली यांच्या सहा भूमिकांत पहिल्या दोन पती आणि पिता. जिम दोन्ही आहे, आणि त्यासाठीच तो जिवावर उदार झालाय. त्याच्या लग्नाला कायद्याची मान्यता नव्हती आणि मुलांवर मालकाचा हक्क होता. तो ज्या राज्यातून पळाला ते मिसूरी, हॉली यांचंच.